उंबऱ्यातला दगड

मी एक जुनी उघाडी आहे, मित्रांनो. तुम्ही रोज मधल्या सुट्टीत माझ्या अंगावर बसून डबे खाता आणि मला बाक म्हणता. त्याचा मला राग नाही. पण शाळेच्या पडवीतल्या बाकाला लोखंडी कड्या कशाला असतात, हा प्रश्न तुमच्यापैकी एकालाही आजवर पडला नाही, याचे थोडे वाईट वाटते.

उघाडी म्हणजे खाडीच्या बांधातले दार. आपल्या उलव्याच्या बाजूला एका अंगाला खाडी आणि दुसऱ्या अंगाला भातशेती, आणि दोघींच्या मध्ये मातीचा लांबच लांब बांध. त्या बांधाच्या पोटातून एक मोरी जायची, आणि मोरीच्या खाडीकडच्या तोंडावर मी वरच्या कड्यांना टांगलेली असायचे. भरती आली की खारे पाणी मला दाबून मोरीवर घट्ट बसवायचे. ओहोटी लागली की शेतात साचलेले पावसाचे पाणी मला आतून ढकलून बाहेर निघून जायचे. उघडायला माणूस लागत नव्हता की मिटायला. तेवढ्यामुळेच पुढे साहेब लोकांचा गैरसमज झाला, की मला माणूस मुळीच लागत नाही.

मला १९७१ साली पनवेलच्या शिवराम सुताराने घडवले. ऐनाच्या तीन फळ्या, खाली दगडी उंबरा, बाजूला लाकडी चौकट. पहिल्या भरतीचे पाणी अंगावर आले तेव्हा मी थरथर कापले. माझ्यामागे सबंध गावाचे भात उभे होते आणि पुढे अख्खी खाडी. ती भीती पुढे कधीच पुरती गेली नाही. दिवसातून दोनदा यायची आणि दोनदा ओसरायची, इतकेच.

पण मला एक आधार होता. हिरामण म्हात्रे.

उघाडी राखण्याचे काम त्यांच्या घरात आज्यापासून चालत आलेले. अमावस्या आणि पौर्णिमेला खाडीला उधाण येते, पाणी बांधाच्या कडेपर्यंत चढते. त्याच्या दोन दिवस आधी, त्रयोदशीच्या ओहोटीला, हिरामण घमेले घेऊन यायचा. खाडीतला चिकट काळा चिखल आणि भाताचा पेंढा पायाने तुडवून एकजीव करायचा, आणि चौकटीच्या भोवतालची फट न फट लिंपून काढायचा. खेकड्यांनी बांधात बिळे केलेली असत, तीही बुजवायचा. काम झाले की डोळे मिटून माझ्या चारी कडांवरून तळहात फिरवायचा. डोळ्यांना न दिसलेली फट त्याच्या हाताला कळायची. मला तेव्हा काय वाटायचे ते सांगायला शब्द नाहीत. आई ताप बघायला कपाळावर हात ठेवते, तेव्हा तुम्हाला वाटते तेच असावे.

या राखणीच्या बदल्यात हिरामणला एक हक्क होता. अष्टमीच्या सुमाराला पाण्याला जोर नसतो, त्याला भांगाचे पाणी म्हणतात. तेव्हा तो माझ्या उंबऱ्यात मुठीएवढा दगड ठेवायचा. दार किंचित किलकिले राहायचे, भरतीबरोबर कोळंबी आतल्या नाल्यात शिरायची आणि ओहोटीला त्याच्या जाळ्यात यायची. मग त्रयोदशीला चिखल लिंपायला आला, की आधी तो दगड काढून खिशात टाकायचा. त्याला ते वेगळे आठवावे लागत नसे. चिखलाचे घमेले घेऊन आला की हात आपोआप उंबऱ्यात जायचा. हे नीट लक्षात ठेवा. पुढचे सगळे यावर आहे.

१९७९ साली बांध सरकारी खात्याच्या ताब्यात गेला. माझ्या बाजूला पत्र्याची पाटी ठोकली गेली : सरकारी मालमत्ता, हात लावू नये. हिरामण त्रयोदशीला घमेले घेऊन आला, तर नवे ओव्हरसिअर सुधीर कारखानीस तिथे उभे. माणूस तरुण, वाशीच्या नव्या वसाहतीत राहणारा, बुटांना चिखल लागू नये म्हणून दगडावरून दगडावर पाय टाकणारा.

"काका, आता हे आमचं काम आहे," ते म्हणाले. "तुम्ही टेन्शन घेऊ नका. दर उधाणाला आम्ही तपासणी करणार, रजिस्टरला नोंद होणार."

हिरामणने पाटीकडे पाहिले, घमेले तिथेच पालथे केले आणि निघून गेला. त्या दिवशी तो जो दुखावला, तो दुखावलाच.

सुधीरसाहेब पहिले दोन महिने खरेच आले. मग नाक्यापर्यंत आले. मग तेही बंद झाले. तीन वर्षांत माझ्या कडांवरून कोणाचा तळहात फिरला नाही. लिंपण धुऊन गेले. डाव्या अंगाला खेकड्यांनी असा काही संसार थाटला की भरतीच्या वेळी बांधाच्या आतून पाण्याची कुजबुज ऐकू यायची. प्रत्येक अमावस्येला मी बांधाचे दिवस मोजायचे. आज नाही फुटला, मग पौर्णिमेला फुटेल. पौर्णिमेला नाही फुटला, मग पुढल्या अमावस्येला. ओरडून सांगावे म्हटले तर दाराला तोंड नसते.

आणि हिरामण? तो अष्टमीला मात्र येत राहिला. दगड ठेवायचा, कोळंबी धरायचा. पण चिखलाचे घमेले सुटले होते, त्यामुळे दगड काढायची खूणही सुटली होती. कधी द्वादशीला आठवायचे, कधी चतुर्दशीला धावत यायचा.

१९८२ सालच्या श्रावणात त्याला आठवले नाही.

अमावस्येची ती दुपार मी विसरू म्हटले तरी विसरणार नाही. सकाळपासून वारा खाडीवरून जमिनीकडे होता. पाणी चढू लागले, मला दाबू लागले, आणि मी मिटायला गेले तर खाली दगड. सगळा जोर लावला. दगड माझ्या फळीत रुतला, पण हलला नाही. त्या फटीतून पाण्याचा फवारा आत घुसला आणि चौकटीच्या बुडाची माती खरवडू लागला. शेजारी खेकड्यांची बिळे होतीच. बाराच्या सुमाराला डाव्या अंगाचा बांध आधी खचला, मग बसला, मग नव्हताच. मी एका बाजूला कलून लटकत राहिले आणि माझ्या डोळ्यांदेखत खारे पाणी भातात शिरले. पोटरीला आलेले हिरवेगार पीक चार दिवसांत पिवळे पडले. खारे पाणी एकदा शेतात बसले की दोन-तीन वर्षे जमीन पिकत नाही. सगळ्यात पुढचे शेत हिरामणचेच होते.

त्याची मुलगी जयमाला याच शाळेत शिक्षिका होती. तुमच्या मोठ्या बाई, त्याच. गावकऱ्यांनी आडवा बंधारा घालून पाणी कसेबसे अडवले, आणि जयमालाबाई अर्ज लिहू लागल्या. बांध दुरुस्त करा, आणि न बघता सह्या ठोकणाऱ्यांची चौकशी करा. वर्षभर अर्ज इकडून तिकडे फिरले. शेवटी पनवेलचे वकील सुलेमान मुकादम यांनी हायकोर्टात याचिका घालायचे ठरवले. स्वतःसाठी नव्हे, सगळ्या लोकांच्या हितासाठी कोणीही कोर्टात दाद मागू शकतो, अशी ही जनहित याचिका तेव्हा नवीनच निघाली होती. मागणी एकच : ज्यांनी कर्तव्यात कसूर केली त्या सरकारी नोकरांवर शिस्तभंगाची कारवाई व्हावी, आणि पावसाळ्याआधी बांध उभा राहावा.

"बाई, तुमी पन सरकारी शिक्षिका," मुकादम वकील माझ्या चौकटीवर बसून म्हणाले होते. "उद्या तुमच्यावर बी कागद येईल. विचार केलाय ना?"

"केलाय," बाई म्हणाल्या. आणि सही त्यांनी माझ्यावरच कागद टेकवून केली.

मला मात्र तेव्हापासून चैन पडेना. दगड अजून माझ्या उंबऱ्यातच होता. वरून गाळ बसून घट्ट झाला होता, त्यामुळे दिसत नव्हता. तो दोघांनाच ठाऊक होता, मला आणि हिरामणला. ज्या बापाचे शेत बुडाले म्हणून मुलगी कोर्टात उभी राहिली, त्याच बापाचा दगड माझ्या तोंडात होता.

खात्याने कोर्टात उत्तर दिले. त्यात दोन गोष्टी होत्या. एक, अमावस्येच्या सकाळी नऊ वाजता सुधीर कारखानीस यांनी जातीने पाहणी केली होती. रजिस्टरची नक्कलच जोडली होती : दार उंबऱ्यावर पूर्ण बसलेले, गळती नाही. खाली सही, आणि तिच्याखाली वरच्या साहेबांची सही. दुसरी गोष्ट, गावकरी मासे धरण्यासाठी दारात अडथळे घालतात असा संशय आहे. कोर्टाने म्हटले, जागा पाहून या. पाहणीसाठी स्मिता नाडकर्णी नावाच्या वकीलबाई नेमल्या गेल्या. १९८४ च्या जानेवारीतला रविवार ठरला.

आदल्या दिवशी, शनिवारची सकाळची शाळा सुटल्यावर जयमालाबाई वडिलांना शोधत बांधावर आल्या. ओहोटी होती. हिरामण गुडघाभर गाळात उकिडवा बसून माझ्या उंबऱ्यापाशी कोपरापर्यंत हात घालून काहीतरी उकरत होता. मला वाटत होते, काढ बाबा, काढ आणि फेक खाडीत, सुटू दे सगळ्यांना. आणि त्याच वेळी वाटत होते, नको.

"बाबा, काय शोधताव?"

तो दचकला. हात बाहेर काढला नाही.

बाईंनी पिशवीतून कागद काढला. "हा बघा, वकिलांनी उत्तर लिहून दिलाय. सोमवारी मना शपथेवर सही करायची हाय. 'आमच्या गावातील कोणीही दारात कधीही अडथळा घातलेला नाही.' बरोबर ना?"

खेकडे बिळातून बाहेर येऊन पुन्हा आत गेले.

"नको करू सही, बाय."

"का?"

"दगड माझा हाय." त्याने गाळातला हात तसाच ठेवला होता. "अष्टमीला घातला, काढायचा राहिला. राखन सोडली मी, पन कोलंबी नाय सोडली."

जयमालाबाई बांधावर बसल्या. कागद हातातच राहिला. कोर्टात काय होईल, गाव काय म्हणेल, नोकरी राहील की जाईल, हे सगळे त्यांच्या चेहऱ्यावर मला वाचता येत होते. आणि त्यांनी गप्प बसायचे ठरवले असते, तरी मी त्यांना दोष दिला नसता, हेही सांगून टाकते. सबंध गावाचे भात एका बाजूला आणि मुठीएवढा दगड दुसऱ्या बाजूला.

"काढून टाकू काय?" हिरामणने विचारले. "कोनाला कलनार नाय."

बाईंनी पदराने डोळे पुसले. "मी काय सांगू, बाबा? दगड तुमचा हाय." असे म्हणून त्या उठल्या आणि मागे न बघता चालू लागल्या. ती रात्र त्या बापलेकीने कशी काढली कोण जाणे. हिरामणचा हात मात्र रिकामाच बाहेर आला होता.

रविवारी दुपारी, ओहोटीच्या वेळेला, सगळे बांधावर जमले. स्मिताबाईंनी साडी खोचली, चपला काढून ठेवल्या आणि सरळ गाळात उतरल्या. सुधीरसाहेब वरच थांबले. मुकादम वकील जयमालाबाईंच्या कानाशी लागून विचारत होते, चेहरा असा का उतरलाय. अर्धे गाव मागे उभे होते.

तेवढ्यात हिरामण पुढे झाला. त्याने उंबऱ्यात हात घातला, दोनदा जोर करून हिसका दिला, आणि गाळाने माखलेला दगड काढून स्मिताबाईंच्या समोर चौकटीवर ठेवला.

"ह्यो माझा. कोलंबीसाठी घातलेला. आता बाकीच्यांचा काय ता तुमी बघा."

मागे गलका उठला. कोणीतरी हिरामणला आईवरून शिवी दिली. मुकादम वकिलांनी डोक्याला हात लावला. सुधीरसाहेबांचा चेहरा खुलला, ते दगडांवरूनच दोन पावले पुढे आले. "मॅडम, हे लिहून घ्या. आम्ही हेच म्हणत होतो."

"घेते," स्मिताबाई म्हणाल्या आणि खरेच लिहून घेतले. मग हिरामणला विचारले, "कधी ठेवला होता?"

"अष्टमीला. अमावस्येच्या आधी सात दिस."

"मधे काढला होता?"

"काढला असता तं ही वेल आली नसती, बाई."

त्यांनी पिशवीतून रजिस्टरची नक्कल काढली, शांतपणे वाचली आणि सुधीरसाहेबांकडे वळल्या. "ही नोंद तुमचीच? अमावस्येला सकाळी नऊ वाजता दार उंबऱ्यावर पूर्ण बसलेले होते?"

"हो, मॅडम."

"मग हा दगड तेव्हा कुठे होता?"

सुधीरसाहेब म्हणाले, "नंतर कोणी घातला असेल."

हिरामणला हसू आले. दीड वर्षात मी त्याला पहिल्यांदाच हसताना पाहिले. "साहेब, अमावस्येला नवाला पानी उंबऱ्याच्या वर कमरेएवढा असतं. दार पान्याने दाबलेला. त्याच्या खाली दगड घालनारा मानूस अजून जन्माला यायचा हाय. आन उंबरा तं दिसतच नाय. तुमी बघितलात काय?"

सुधीरसाहेब खाडीकडे बघत राहिले. नवाला पाणी कुठे असते, हे त्यांना ठाऊकच नव्हते. रजिस्टरमधल्या सगळ्या अमावस्या, सगळ्या पौर्णिमा त्यांनी नवालाच तपासल्या होत्या. मग ते हळू आवाजात म्हणाले, "मॅडम, माझ्याकडे सतरा उघाड्या आहेत." ते खोटे नव्हते, आणि मला त्या क्षणी त्यांची दयाच आली. पण सतरांपैकी एकीलाही त्यांनी हात लावला नव्हता, हेही खरे होते. एकटा माणूस सतरा जणींना पुरत नाही, एवढे तरी त्यांनी वर कळवायला हवे होते.

कोर्टाचा निकाल मार्चमध्ये लागला. सुधीर कारखानीस आणि त्यांच्या खाली सही करणारे वरचे साहेब, दोघांची खात्यामार्फत चार महिन्यांत चौकशी करावी, आणि बांध पावसाळ्याआधी पुरा व्हावा. चौकशीत दोघांची वेतनवाढ रोखली गेली, बदल्या झाल्या. सरकारी नोकर असून कोर्टात गेल्याबद्दल जयमालाबाईंवर आलेला कागद मुकादम वकिलांनी परतवून लावला. निकालात हिरामणचेही नाव होते. दगड ठेवणे चूक होते, असे त्यात स्पष्ट लिहिले होते, आणि चूक स्वतः पुढे होऊन सांगितली, असेही. गावातल्या काही घरांनी त्याच्याशी बोलणे टाकले. तो वाद घालायला गेला नाही. बांधाचे काम सुरू झाले तेव्हा पहिल्या दिवसापासून शेवटपर्यंत मातीची पाटी डोक्यावर घेऊन येत राहिला. कोणी बोलावले नव्हते.

८६ साली लोखंडी उघाडी आली आणि मला काढले. बाईंनी मला सरपणात जाऊ दिले नाही, शाळेत आणून चार पाय लावले. एकदा हिरामण नातवाला न्यायला आला आणि माझ्यावर टेकला. म्हातारा झाला होता, दृष्टी अधू झाली होती. सवयीने त्याचा तळहात माझ्या कडेवरून फिरत गेला, आणि खालच्या कडेला एका खळग्याशी येऊन थांबला. दगड रुतला होता तिथली ती खाच. घंटा होऊन मुले बाहेर आली तरी त्याचा अंगठा तिथेच होता.

मित्रांनो, मी आता काही अडवत नाही. रात्री वारा खाडीवरून आला की अजून दचकून जागी होते, आणि मग आठवते की आपल्यामागे भात नाही, फक्त शाळा आहे. शाळा काही कमी नव्हे म्हणा. तुमच्यातले कोणी उद्या ओव्हरसिअर होतील, कोणी साहेब. तुमच्यापुढे रजिस्टर येईल आणि सहीची जागा मोकळी असेल. तेव्हा एवढेच करा, आधी उठून जा आणि हात लावून बघा. हात चिखलाचा झाला तर धुता येतो.

आणि कधी तुमचा स्वतःचाच दगड कुठे राहून गेला असेल, तर तोही तुम्हीच काढून ठेवा, सगळ्यांसमोर. ती खाच तुम्ही ज्या बाजूला बसता तिथेच, खालच्या कडेला आहे. आज डबा खाताना हात फिरवलात, तर लागेल.